तुमचे आजोबा तयार आहेत

“तुमचे आजोबा तयार आहेत. चारनंतर कधीही येऊन घेऊन जा. येताना कापडी पिशवी आणा, मागच्यासारखी भाजीची नको.”

हा निरोप मी गिरगावातल्या आमच्या चाळीच्या जिन्यात उभं राहून, माझ्या मोबाइलवरून, किती अनोळखी माणसांना दिला असेल त्याची गणती नाही. एक बाई घाबरून म्हणाल्या, “अहो, ते जाऊन चाळीस वर्षं झाली!” मी म्हटलं, “हो, पण आता टोपीबिपी घालून व्यवस्थित बसलेत. मिशीसुद्धा सापडली त्यांची.”

निरोपातला शब्दन्‌शब्द काकांचा. त्यात बदल करायची मला परवानगी नव्हती. एकदा मी ‘तुमचा फोटो तयार आहे’ असं म्हणाले, तर खालून ओरडले, “फोटो नाही, आजोबा म्हण! फोटो काय, हल्ली लोक कुत्र्याचेसुद्धा काढतात.”

काका जुने फोटो दुरुस्त करायचे. दुकान म्हणजे आमच्या जिन्याखालची तिरकी जागा. दारात माणूस ताठ उभा राही, दोन पावलं आत गेला की वाकायचा, आणि सगळ्यात बुटक्या कोपऱ्यात तर बसूनच राहावं लागे. त्या कोपऱ्यात काका बसत. मी पहिल्या मजल्यावर राहायची आणि फोर्टातल्या एका विमा कचेरीत नोकरी करायची. काकांनी मोबाइल घेतला नाही. “नाक काढताना फोन वाजला की नाक वाकडं होतं,” हे त्याचं कारण. मग त्यांनी मला न विचारता माझा नंबर स्वतःच्या कार्डावर छापून टाकला. मी भांडायला खाली गेले तर म्हणाले, “सेक्रेटरी, बरं झालं आलीस, हे आजोबा जरा उजेडात धर.”

वाळवीनं खाल्लेले, ओल धरलेले, काचेला चिकटून बसलेले, घडीवर फाटून दोन तुकडे झालेले असे फोटो त्यांच्याकडे येत. आधी ते त्या फोटोचा फोटो काढत, तो मोठा करून जाड कागदावर छापून घेत, आणि मग खारीच्या केसांच्या बारीक ब्रशानं काळा-पांढरा रंग भरत हरवलेला कान, कोटाचं बटण, अर्धी भुवई परत आणत. ब्रशाला टोक यावं म्हणून तो ओठांत धरून ओढायची सवय. त्यामुळे त्यांचा खालचा ओठ बारा महिने राखाडी असे. काकू म्हणायच्या, “लग्नात ह्यांचा ओठ गुलाबी होता हो. मी पुरावा ठेवलाय.”

त्यांचे नियम ऐकले की नवं गिऱ्हाईक गोंधळायचं. जेवायच्या वेळी टेबलावरच्या फोटोंवर ते पंचा टाकत, कारण चार माणसांसमोर त्यांना न विचारता खायचं कसं? रंगीत फोटोला हात लावत नसत. आणि कोणाला देखणं करून देत नसत. एका साहेबांना वडिलांचा तिरळा डोळा सरळ करून हवा होता. काका शांतपणे म्हणाले, “तिरळेपणा वडिलांचा आहे, तुमचा नाही. त्यांनी सांगितलं तर करीन.” साहेब फोटो घेऊन गेले, आणि आठ दिवसांनी तिरळ्या डोळ्यासकट दुरुस्त करून घ्यायला परत आले.

चेहऱ्याचा एखादा भाग पूर्णच गेला असेल, तर मात्र काका सगळ्या घराला बोलावणं धाडत. “नाक कोणाकडे गेलंय ते बघायला हवं.” मग परळहून, दादरहून आत्या, चुलते, नातवंडं अशी सगळी फौज आमच्या जिन्यात रांगेनं बसे आणि काका एकेकाची हनुवटी धरून उजेडाकडे वळवत. “हे नाक आईकडचं. तुम्ही उठा. तुम्ही बसा. तुमचा कान चालेल.” एका कुटुंबात कान आपलाच घ्यावा म्हणून दोन जावांच्या नवऱ्यांची अशी जुंपली, की मला वरून येऊन चहा द्यावा लागला. माझा चहा काही चांगला नसतो, पण तोंडं बंद झाली.

अशा ह्या माणसाला सिनेमा लागला.

लागला म्हणजे काय, तर गिरणगावावर डॉक्युमेंटरी करणारी एक चष्मेवाली मुलगी जुने फोटो साफ करून घ्यायला आली. तिनं काकांना फोटोशी बोलताना ऐकलं आणि फोटो राहिले बाजूला, कॅमेरा काकांवर लागला. काका तिला ‘डायरेक्टरीण’ म्हणत. पहिल्या दिवशी ती म्हणाली, “काका, तुम्ही नॅचरल राहा.” काका म्हणाले, “म्हणजे कसं? अजून कसं राहू?” पण चार दिवसांत गडी तयार झाला. बोलता बोलता मध्येच थांबायचं, ब्रश खाली ठेवायचा, दाराबाहेर बघायचं आणि मग हळू आवाजात पुढचं वाक्य टाकायचं, हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं. दाराबाहेर तेव्हा दुधाचे क्रेट आणि एक स्कूटर एवढंच असायचं.

ती फिल्म कुठे कुठे दाखवली गेली आणि मग माझा फोन वाजायचा थांबेना. चाळींवर फिल्म, काका हजर. गिरण्यांवर फिल्म, काका हजर, आणि गिरणीत ते कधी पाऊल टाकून आले नव्हते. कॉटन ग्रीनच्या गोदामांवर फिल्म करणाऱ्यांनाही त्यांनी नाही म्हटलं नाही, “वडिलांनी लहानपणी लांबून दाखवलं होतं,” एवढ्या भांडवलावर अर्धा तास बोलले. मी टोकलं तर म्हणाले, “अगं, त्यांना माहिती नको असते, माणूस हवा असतो. मी माणूस आहे.”

हळूहळू शूटिंगचे रिवाज दुकानात शिरले. शूटिंगवाले शेवटी अर्धा मिनिट सगळ्यांना गप्प बसवून नुसता खोलीचा आवाज रेकॉर्ड करून घेतात. काकांना हा प्रकार फार आवडला. ते गिऱ्हाइकांनाही मधूनच बोट वर करून गप्प करू लागले. “श्श. खोलीचा आवाज ऐका.” बिचारी माणसं आजोबांच्या चिंतेत आलेली, पण निमूटपणे पंख्याची कुरकुर ऐकत बसायची. दुसरा प्रकार कंटिन्युइटीचा. उद्या शूटिंग राहिलं असेल तर शर्ट बदलायचा नाही, हे एकदा कळल्यावर काका निळा बुशशर्ट अंगातून काढेनात. शेवटी काकू जिन्यात येऊन म्हणाल्या, “कंटिन्युइटीला आता वास येतोय. काढा तो.”

मला तेव्हा त्यांचा थोडा रागही यायचा. टेबलावर आजोबा-पणजोबांचा ढीग साचला होता आणि हे कोणाला तरी ट्रामबद्दल सांगत होते. पण कॅमेरा निघून गेल्यावर ते एकटे बसलेले दिसले की राग टिकत नसे. आयुष्यभर दुसऱ्यांचे चेहरे केले, त्यांच्याकडे पहिल्यांदाच कोणी टक लावून बघत होतं. आवडणारच माणसाला.

त्यांच्या बसायच्या जागेसमोर भिंतीवर एकच फोटो कायमचा होता, त्यांच्या वडिलांचा. गोदीत कारकून, बारीक डोळे, रुंद जबडा, काळी टोपी. मुलानं कारकुनी करावी म्हणून त्यांनी जिवाचं रान केलं, आणि मुलगा फोटोच्या स्टुडिओत ब्रश धुवायला लागला. वडील त्यानंतर त्याच्याशी बोलले नाहीत. दोन मजले वर राहत होते, रोज ह्या जिन्यानं खाली उतरत होते, पण एकदाही दुकानात डोकावले नाहीत. “जिवंतपणी आले नाहीत,” काका हसून सांगत, “आता रोज बसवतो समोर.” एवढंच सांगत. इतक्या फिल्म्समध्ये वडिलांबद्दल ह्यापलीकडे चकार शब्द नाही.

एका रविवारी सकाळी लालबागहून एक गृहस्थ आले. साठीतले, इस्त्रीचा शर्ट, बँकेतून निवृत्त झालेले. सावंत त्यांचं नाव. मी कुणाचा तरी निरोप सांगायला खालीच होते. सावंत दारातूनच म्हणाले, “काका, पाच मिनिटं. हे जरा बघा,” आणि त्यांनी मोबाइल पुढे धरला.

मोबाइलवर काकाच होते. डायरेक्टरणीची नवी फिल्म होती. काका खूश झाले. “लाइट चांगला आलाय,” ते माझ्याकडे बघून म्हणाले.

फिल्ममध्ये डायरेक्टरीण विचारत होती, चेहरा पूर्णच गेला असेल तर काय करता? काकांनी ब्रश खाली ठेवला, दाराबाहेर बघितलं, आणि सांगायला लागले. तीसेक वर्षांपूर्वी लालबागच्या एक बाई नवऱ्याचा फोटो घेऊन आल्या. मुलाचं लग्न ठरलेलं, भिंतीवर बाप हवा. फोटो गावाहून आणला तर वाळवीनं तोंड खाल्लेलं, टोपी आणि खांदे तेवढे शिल्लक. मुलगा पूर्ण आईवर गेलेला, त्याचा उपयोग नाही. नवऱ्याकडचं कोणी उरलं नव्हतं. बाईंना विचारून विचारून तीन चेहरे केले. तिन्ही वेळा बाई म्हणाल्या, हे ते नाहीत. “मग मी काय केलं?” फिल्ममधले काका थोडं थांबले. “समोर माझे वडील होते. त्यांचे डोळे घेतले, जबडा घेतला. बाईंनी बघितलं आणि पदर डोळ्याला लावला. म्हणाल्या, हेच ते!” आणि फिल्ममधले काका हसले, बाजी मारल्यासारखे.

खरे काका हसायचे थांबले होते.

“त्या बाई म्हणजे माझी आई,” सावंत म्हणाले. “मी पोटात होतो तेव्हा बाबा तापानं गेले. मी त्यांना बघितलेलं नाय. मला तो एकच चेहरा माहितीय, काका. परीक्षेचा रिझल्ट नाय, पण प्रमोशन, पोरांची बारशी, घराची चावी, सगळं त्या फोटोपुढे ठेवलंय मी. आणि तुम्ही सगळ्यांसमोर हसून सांगता?”

बोलता बोलता ते मागे वळले आणि काकांच्या समोरच्या भिंतीवर त्यांची नजर गेली. तीस वर्षांच्या सवयीला काय कळतं? त्यांचे हात आपोआप जोडले गेले. मग काय झालं ते त्यांच्या लक्षात आलं आणि ते तसेच, हात जोडलेले, खाली स्टुलावर बसले. “हे तर बाबा,” ते म्हणाले. मला तिथून पळून जावंसं वाटलं.

काका कोपऱ्यातून वाकत वाकत बाहेर आले. म्हणाले, “चुकलं माझं. फोटोत नाही. ते सांगण्यात चुकलं.”

“माझं जाऊ द्या,” सावंत म्हणाले. “आई चौऱ्याऐंशीची आहे. सकाळी उठल्यावर पयलं त्या फोटोकडे बघते, मग चहा. ही क्लिप आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर फिरतेय. आज नाय तर उद्या कोणतरी हौशी तिला दाखवणार. ती सहन करील का, सांगा.”

मी लगेच डायरेक्टरणीला फोन लावला. तेवढा भाग काढता येईल का, म्हटलं. ती मुलगी वाईट नव्हती, मनापासून कळवळली. फिल्म पसरून गेलीय, आता उपयोग नाही, असं म्हणाली. थोडं थांबून म्हणाली, की काका त्या आजींना भेटायला जाणार असतील तर ती कॅमेरा घेऊन येईल, अगदी लांब उभी राहील.

मी काकांना तसंच्या तसं सांगितलं. खोटं कशाला बोलू, त्यांनी क्षणभर विचार केला. हात शर्टाच्या कॉलरकडे गेलेला मी बघितला. सावंतांनीही बघितला. मग काकांनी हात खाली घेतला. “नको म्हणावं. आणि सावंत, दुसऱ्या कोणी सांगायच्या आधी मीच सांगतो तुमच्या आईला. आत्ता निघू.”

सावंत आधी तयार होईनात, पण दुसरा मार्ग त्यांनाही दिसत नव्हता. काकूंनी मला बरोबर पिटाळलं. “तू जा, नाहीतर तिथेही दाराबाहेर बघत भाषण ठोकतील.”

आम्ही टॅक्सी केली. लालबागला सावंतांची जुनी चाळ पडून त्या जागी टॉवर झालाय. खाली अजून मसाल्याच्या गिरण्या आहेत, आणि लिफ्टमध्ये चौदाव्या मजल्यापर्यंत मिरचीचा खाट येतो. काका शिंकत शिंकत वर पोचले.

दार उघडल्याबरोबर समोर फोटो. काकांचे वडील, दुसऱ्याच्या टोपीत आणि दुसऱ्याच्या खांद्यांवर. ताजा झेंडूचा हार, कुंकवाचा टिळा, खाली लहानशी पणती. आमच्या दुकानातल्या फोटोवर मी धुळीखेरीज काही बघितलं नव्हतं. काका उंबऱ्यातच थांबले, मागून मला त्यांना आत ढकलावं लागलं.

आजी खिडकीशी बसल्या होत्या. बारीक, ताठ, ऐकायला अगदी तयार. काका त्यांच्यासमोर जमिनीवर बसले आणि सगळं सांगून टाकलं. मध्ये थांबले नाहीत, कुठे बघितलं नाही, चार वाक्यांत संपवलं. त्यांचं इतकं वाईट आणि इतकं खरं बोलणं मी कधी ऐकलं नव्हतं. सावंत आईच्या औषधांचा डबा हातात धरून उभे होते.

“ह्या सांगूक इतक्या लांबसून इलात?” आजी मालवणीत म्हणाल्या. “ह्ये ते न्हय असतले, ता माका तेवाच वाटला होता.”

“आई!” सावंत म्हणाले.

“अरे, पण ते कशे होते, ता तरी माका खंय आठवत होता?” आजींचा आवाज खाली आला. “लगीन झाला तेवा मी सतरा वर्सांची. ते हय मुंबयत गिरणीत, मी थय गावाक. शिमग्याक आठ दीस येयत, गणपतीत आठ दीस. घरात सासू-सासरे. घोवाकडे डोळे वर करून बघूची रीत नाय होती. मी तेंका मागसून बघलंय. तेंची पाठ वळखतय मी, मान वळखतय. तोंड काय माका धड बघूक गावला नाय.”

“मग तीनदा नाही म्हणालात ते?” काकांनी विचारलं.

“मगे काय सांगतलंय? बायलेक घोवाचा तोंड आठवणा नाय, असा परक्या माणसाक सांगू? तुमी आपले दर खेपेक माझ्या तोंडाकडे बघीत बसलेले. माका लाज वाटली. रडाक इला ता तेच्यासाठी. चवथ्या खेपेक बघलंय, माणूस बरो दिसलो. म्हटलंय, झिलाच्या लग्नात भिंतीर बापूस होयो. ह्यो चलतलो.”

सावंतांनी डबा टेबलावर ठेवला आणि आईच्या पायाशी बसले. तिनं त्यांच्या डोक्यावर हात ठेवला आणि तसाच राहू दिला. साठ वर्षं ही बाई एकटीनं हे घेऊन बसली होती आणि घरात कोणाला पत्ता नव्हता. मला माझ्या आईची आठवण आली, आणि तिला मी कधीच काही विचारलं नाही ह्याची.

मग सावंत फोटोकडे बघून म्हणाले, “काका, ह्यांचं नाव काय?”

काकांना वडिलांचं नाव घ्यायला वेळ लागला. “वासुदेव,” ते म्हणाले.

“वासुदेवराव,” आजींनी लगेच म्हणून बघितलं. सावंत चमकले. आजींनी जन्मात नवऱ्याचं नाव घेतलं नव्हतं, रेशनकार्डाच्या खिडकीवरसुद्धा मुलाला पुढे करत. “आई, तू चक्क नाव घेतेस?”

“ह्येंचा घेवक काय हरकत? ह्ये काय माझे घोव न्हय.”

आम्ही सगळेच हसलो, सावंतसुद्धा, डोळे पुसत. आजी मात्र हसल्या नाहीत. त्या खुर्चीचा हात धरून उठल्या, चालत भिंतीपर्यंत गेल्या, एका बाजूला सरकलेला हार त्यांनी नीट केला आणि त्या चेहऱ्याकडे डोळे वर करून सरळ बघितलं.

“वासुदेवराव,” त्या म्हणाल्या, “तीस वर्सां ह्या घरात ऱ्हवलात आणि कोणी तुमका नाव घेवन हाक मारूक नाय. आता खंय जाव नकात.”

काकांनी खिशातून रुमाल काढला, तो हातातच राहिला, आणि ते उभ्या उभ्या रडले. वडील गेले तेव्हा ते रडले नव्हते, असं काकूंनी मला दुसऱ्या दिवशी सांगितलं. पंधरा दिवसांनी सावंतांकडे म्हाळ होता, पितृपक्षातलं पितरांचं जेवण. सावंतांनी फोन करून आम्हाला बोलावलं. काकांनी तोवर वडिलांसाठी कधी पान वाढलं नव्हतं, “त्यांना माझ्या हातचं काही चालत नसे,” म्हणत. त्या दिवशी सावंतांनी स्वतःच्या वडिलांचं पान वाढलं, आणि शेजारी, त्याच भिंतीखाली, काकांनी आपल्या वडिलांचं.